आजोबांच्या पेटीतली रिळं, आंबट वास आणि मुक्तिसंग्रामाचं फुटेज

सर, तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो म्हणजे बाकी वाचणाऱ्यांनाही समजेल. परभणी जिल्ह्यातल्या तुमच्या जुन्या घरात आजोबांच्या लोखंडी पेटीत फिल्मचे काही डबे निघालेत, उघडले की आंबट वास यायलाय, आजोबा हैदराबाद मुक्तिसंग्रामात, म्हणजे निझामाच्या राजवटीविरुद्धच्या लढ्यात, सरहद्दीवरच्या कॅम्पात होते म्हणून घरच्यांना वाटतं की यात त्या काळातलं काहीतरी असणार. गावात एकाकडं जुना प्रोजेक्टर आहे, तो लावून रिळं भिंतीवर चालवायची, समोरून मोबाईलनं शूट करायची आणि १७ सप्टेंबरला, मुक्तिसंग्राम दिनाला, शाळेत दाखवायची असा विचार आहे, आणि कमी पडेल ते फुटेज कुठून मिळेल असं विचारलंय.

मी जुन्या फिल्म तपासणं, स्कॅनिंगला पाठवणं आणि डॉक्युमेंटरीवाल्यांना जुनं फुटेज शोधून देणं हेच काम बरीच वर्षं करतोय, त्यातलं बरंचसं आपल्याच भागातलं. म्हणून पहिली गोष्ट अगदी कळकळीनं सांगतो, प्रोजेक्टर लावू नका. एकदाही नाही, "नुसतं काय आहे ते बघू" म्हणून सुद्धा नाही.

कारण असं की आंबट वास म्हणजे फिल्मची पट्टी ज्या ॲसिटेटची बनलेली असते ते सुटायला लागलंय आणि त्यातून ॲसेटिक ॲसिड बाहेर पडतंय, म्हणजे व्हिनेगरमध्ये असतं तेच. या दुखण्याला व्हिनेगर सिंड्रोमच म्हणतात. बाहेर पडलेलं ॲसिड परत त्याच फिल्मला खातं, त्यामुळं एकदा सुरू झालं की वेग वाढतच जातो, उलटा फिरत नाही. फिल्म आकसते, वाकडी होते, कडक होते. आता प्रोजेक्टरचा पंजा ठरावीक अंतरावरच्या भोकात घुसून फिल्म खाली ओढतो, फिल्म एक टक्का जरी आकसली तरी ते अंतर चुकतं आणि पंजा भोकं फाडत जातो, वरून दिव्याची उष्णता. सत्तर-पंचाहत्तर वर्षं टिकलेलं रीळ पाच मिनिटांत कामातून जातं आणि मोबाईलमध्ये जे येतं ते लुकलुकणारं, मधेच पांढरं पडलेलं, कडा कापलेलं चित्र. त्यावरून नंतर काहीच करता येत नाही.

आता पुढचं सगळं ही फिल्म कोणती आहे यावर अवलंबून आहे, ते मला इथून दिसत नाही, तुम्हालाच बघावं लागेल. पट्टीची रुंदी मोजा, साधी शाळेची पट्टी चालेल. ३५ मिलिमीटर भरली तर तिथंच थांबा, डबा बंद करा आणि घरापासून लांब सावलीत, हवा खेळती असेल अशा जागी ठेवा, कारण १९५० च्या सुमारापर्यंत ३५ एमएमची बरीच फिल्म नायट्रेटची असायची. नायट्रेट भयंकर पेट घेतं, जळताना स्वतःच ऑक्सिजन तयार करतं म्हणून पाणी मारून विझत नाही, आणि सडलेलं नायट्रेट साधारण ४१ अंशाच्या पुढं आपोआप सुद्धा पेटू शकतं. परभणीत मे महिन्यात पारा कुठं जातो ते तुम्हाला माहितीच आहे. पुण्यात २००३ च्या जानेवारीत नायट्रेटच्या साठ्याला आग लागली त्यात प्रभातसकट जुन्या काळातल्या कितीतरी मूळ फिल्म गेल्या, आणि ते तर जाणकार लोकांच्या ताब्यातलं गोदाम होतं. म्हणून "काडी लावून बघतो नायट्रेट आहे का" असला प्रयोग कुणी सुचवला तर ऐकू नका. कडेला बारीक अक्षरात नायट्रेट किंवा सेफ्टी (म्हणजे सहज पेट न घेणारी फिल्म) असं इंग्रजीत छापलेलं असतं, भिंगानं बघा.

पण तुमच्या बाबतीत वास व्हिनेगरचा आहे म्हणजे ॲसिटेट असण्याची शक्यता जास्त, आणि घरगुती पेटीत सापडलेली फिल्म बहुतेक वेळा १६ एमएम नाहीतर ८ एमएम असते. या दोन्ही मापांत पहिल्यापासून सेफ्टी फिल्मच वापरात होती, त्यामुळं आगीची भीती नाही. फक्त सडणं थांबवायचंय, खरं तर थांबत नाही, मंद करता येतं.

ते कसं, तर आधी डबे पत्र्याच्या खोलीतून आणि पेटीतून बाहेर काढा. साधारण २१ अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रता असेल तर नव्या ॲसिटेट फिल्मला वास सुटायला चाळीसेक वर्षं लागतात असा अभ्यासकांचा हिशोब आहे, त्यावरून आपल्या पत्र्याखालच्या उन्हाळ्याचं गणित तुम्हीच करा. घरात माळवदाची, म्हणजे मातीच्या धाब्याची, खोली शिल्लक असेल तर सगळ्यात चांगली, आत गार राहतं आणि दिवसा-रात्रीचा फरकही कमी पडतो, फक्त पावसाळ्यात गळत नाही ना ते बघा. डबे आडवे ठेवायचे, उभे नाही. वासाचे डबे आणि बिनवासाचे डबे वेगळ्या खोलीत, कारण एकाची वाफ दुसऱ्याला लागते. डांबरगोळ्या टाकू नका, कडुलिंबाचा पाला टाकू नका, पाल्यात ओल असते. स्पिरीटनं किंवा शिलाई मशीनच्या तेलानं पुसायचं तर अजिबातच नाही. गंजलेला डबा असेल तर फिल्म काढून तात्पुरती स्वच्छ जाड कागदाच्या खोक्यात ठेवा, हवाबंद प्लास्टिकमध्ये कोंडू नका, ॲसिडची वाफ बाहेर जायला पाहिजे. खूप खराब झालेली फिल्म गोठवून ठेवतात हे खरंय, पण त्याला ओल न शिरणाऱ्या दुहेरी पिशव्या, आतली आर्द्रता दाखवणारं कार्ड आणि बाहेर काढल्यावर पिशवी न उघडता सावकाश तापमानावर येऊ देणं असा सगळा सोपस्कार लागतो, घरच्या फ्रीजमध्ये भाजीच्या वर ठेवून आणि लाईट गेली की घाम फुटून उलट नुकसान होतं. रोग किती वाढलाय ते बघायला खास कागदी पट्ट्या मिळतात, एक दिवस तरी बंद डब्यात ठेवायच्या, निळी राहिली तर ठीक, हिरवी झाली तर सुरुवात, पिवळी झाली तर घाई करायची. कुठलं रीळ आधी स्कॅन करायचं हा क्रम त्यावरून लागतो, सगळ्यांचे पैसे एकदम नसतात ना.

आता मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते सांगतो, आणि लोक नेमकं हेच सोडून देतात. फिल्म वाचवणं म्हणजे नुसती पट्टी वाचवणं नाही, तिची ओळख पण वाचवावी लागते. डब्यावर चिकटवलेली चिठ्ठी, आत गुंडाळलेला कागद, रबर लावून ठेवलेली पावती, डब्याच्या झाकणावर खिळ्यानं कोरलेलं नाव, हे सगळं फेकू नका. रबर आणि कागद फिल्मपासून वेगळे करायचेच आहेत, पण करायच्या आधी फोटो काढा, डब्याला नंबर द्या, तोच नंबर पाकिटावर टाका आणि कागद त्यात ठेवा. मी अशी रिळं बघितलीत की चित्र एकदम स्वच्छ, सभा आहे, हजारभर माणूस आहे, स्टेजवर कुणीतरी बोलतंय, आणि कुठली सभा, कोणतं गाव, कोणतं साल, काहीही सांगता येत नाही. डब्यावरची चिठ्ठी साफसफाईत गेली. असलं फुटेज कुणी वापरलं तरी "जुन्या काळातली एक सभा" एवढंच लिहू शकतो.

उलट एक उदाहरण सांगतो. अंबाजोगाईकडच्या एका घरातलं लग्नाचं रीळ होतं, साल कुणालाच माहीत नव्हतं. स्कॅन झाल्यावर घरातल्या वयस्कर काकूंना लॅपटॉपवर दाखवलं, अगदी हळू, थांबवत थांबवत. वरातीच्या मागं दोन सेकंद वाड्यातला आड दिसतो, तिथं त्यांनी हात वर केला. म्हणाल्या हा जुना कठडा आहे, बहात्तरच्या दुष्काळात आड खोल केला तवा हा पाडला. मग आडापाशी घागर घेऊन उभी असलेली मुलगी कोण ते सांगितलं, तिचं लग्न कधी झालं ते सांगितलं आणि दोन-तीन वर्षांच्या आत तारीख आणून ठेवली. मागं आड होता याकडं माझं लक्षच गेलं नसतं, माझ्यासाठी तो नुसता वरातीचा शॉट होता. म्हणून तुमच्या घरात, भावकीत, गावात ऐंशीच्या पुढची जी माणसं आहेत त्यांना आत्ताच विचारायला लागा, रीळ स्कॅन होण्याची वाट बघू नका. आजोबांकडं कॅमेरा होता का, कुणी दिला, पेटी कुठून आली, हे विचारा आणि आवाज रेकॉर्ड करून ठेवा. फिल्म गार जागेत चार वर्षं थांबेल, माणसं थांबतील याची खात्री नाही.

फिल्मवर पण खुणा असतात. कोडॅकच्या फिल्मला कडेला गोल, चौकोन, त्रिकोण अशी चिन्हं असतात त्यावरून बनवल्याचं साल लागतं, पण ही चिन्हं वीस वर्षांनी परत येतात, म्हणजे १९४८ ची खूण १९२८ ला पण तीच आणि १९६८ ला पण तीच, शिवाय ते फिल्म बनवल्याचं साल असतं, शूटिंगचं नाही. म्हणून चित्रातल्या गोष्टी सोबत जुळवायच्या. दुकानावरच्या पाट्या उर्दूत आहेत का, डोक्यावर रुमी टोपी आहे का गांधी टोपी, झेंडा कोणता, रेल्वे दिसत असेल तर रूळ मीटरगेजचे आहेत का, कारण आपली मनमाड-काचीगुडा लाईन नव्वदच्या दशकापर्यंत मीटरगेजच होती. एकट्या खुणेवर भरवसा नाही, तीन-चार एका दिशेनं बोलायला लागल्या की मग लिहायचं.

आता थोडं निराश करणारं सांगावं लागेल. तुमच्या रिळात मुक्तिसंग्राम नसण्याची शक्यता जास्त आहे. त्या काळी कॅमेरा होता कुणाकडं, तर जहागीरदार, हैदराबादचे मोठे अधिकारी, एखादा डॉक्टर, मिशनचे दवाखाने चालवणारे परदेशी लोक. भूमिगत काम करणाऱ्या माणसाला कॅमेरा परवडायचा नाही आणि परवडला तरी सोबत बाळगणं म्हणजे स्वतःहून पुरावा देणं. मुक्तिसंग्रामात उमरीच्या बँकेवर छापा घालायला निघालेली माणसं कॅमेरा घेऊन कशाला जातील? मग पेटीत काय असतं? खूप वेळा फिल्म्स डिव्हिजनच्या, म्हणजे केंद्र सरकारच्या फिल्म खात्याच्या, माहितीपटाच्या १६ एमएम प्रिंट निघतात. सरकारी प्रचाराच्या गाड्या गावोगाव फिरून शेती, देवी-पटकी, कुटुंबनियोजन असल्या फिल्म दाखवायच्या, त्यातली एखादी कुणाच्या तरी घरी राहून गेली. ओळखायचं सोपंय, कडेला एका बाजूनं आवाजाची सलग नक्षीदार रेघ असेल आणि भोकं एकाच बाजूला असतील तर ती बहुतेक छापील प्रिंट. भोकं दोन्ही बाजूंना, आवाजाची रेघ नाही, आणि शॉट बदलताना खराखुरा चिकटवलेला जोड हाताला लागतोय, तर मात्र ती कॅमेऱ्यातून निघालेली मूळ फिल्म असू शकते आणि जगात तिची दुसरी प्रत नसणार. ती जास्त मोलाची, मग तिच्यात बारसं असो की बैलपोळा.

याचा अर्थ बारशाचं रीळ कमी महत्त्वाचं असं मुळीच नाही. मला विचाराल तर १९५० च्या आसपासच्या परभणी-हिंगोलीकडच्या बाजाराचं, शेताचं, घराचं घरच्यांनी काढलेलं हलतं चित्र हे न्यूजरीलपेक्षा, म्हणजे थेटरात दाखवायच्या बातमीपटापेक्षा, दुर्मिळ आहे. नेत्याचं फुटेज कुठं ना कुठं सापडतं, पाथरीच्या आठवडी बाजाराचं सापडत नाही.

मुक्तिसंग्रामाचं जे फुटेज आहे ते कुठं शोधायचं ते सांगतो. त्याचा इतिहास समजून घेतला तर शोध सोपा होतो. इंग्रजांच्या काळातलं सरकारी फिल्म युनिट १९४६ ला बंद झालं, फिल्म्स डिव्हिजन १९४८ ला सुरू झालं, म्हणजे रझाकारांचा त्रास वाढत होता त्या १९४७ च्या काळात सरकारी न्यूजरीलच नव्हती. १३ सप्टेंबर १९४८ ला भारताच्या फौजा निझामाच्या राज्यात शिरल्या तेव्हाचं जे चित्रण आहे ते फौजेसोबत असलेल्यांचं, म्हणजे सोलापूर-हैदराबाद रस्ता, रणगाडे, आणि शेवटी १८ तारखेला निझामाच्या फौजेचे जनरल अल इद्रूस भारताच्या जनरल चौधरींपुढं शरण येतात ते. आपल्याकडच्या गावातल्या लढ्याचं यात जवळपास काही नाही, नळदुर्गसारखी मोजकी ठिकाणं फौजेच्या वाटेवर होती म्हणून त्यांची शक्यता. फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं राष्ट्रीय फिल्म संग्रहालय हे दोन्ही आता एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) आलेत, तिथं रीतसर अर्ज करायचा, शाळेचं पत्र जोडायचं, काय पाहिजे ते तारखेसकट लिहायचं. "मराठवाड्याचं जुनं फुटेज द्या" असा अर्ज गेला तर उत्तर येणं अवघड. परदेशातल्या न्यूजरील कंपन्यांचे साठे, ब्रिटिश पाथे, मूव्हीटोन वगैरे, यातलं बरंच यूट्यूबवर बघता येतं, बघणं फुकट, वापरायला लायसन्स लागतं आणि दर वापरावर ठरतो.

शोधताना मराठवाडा हा शब्द टाकू नका, काही सापडणार नाही. त्या काळच्या कॅटलॉगमध्ये हैदराबाद स्टेट, निझामचं राज्य, डेक्कन असं लिहिलेलं असतं. अंबाजोगाई मोमिनाबाद नावानं शोधा, बीडचं आणि औरंगाबादचं इंग्रजी स्पेलिंग जुन्या पद्धतीनं दोन-तीन तऱ्हेनं टाकून बघा. अजिंठा-वेरूळ या नावानं तर नक्की शोधा, कारण लेणी बघायला येणारे पाहुणे कॅमेरा घेऊन यायचे आणि त्यांच्या फिल्ममध्ये लेण्याच्या आधी रस्ता, टांगा, दौलताबादचा किल्ला, वाटेतलं गाव येऊन जातं. नावात फक्त वेरूळ असतं, आत आपला सगळा परिसर असतो.

आणि जे सापडेल ते तपासल्याशिवाय "हेच ते" म्हणून मुलांना दाखवू नका. सरदार पटेलांसमोर हात जोडून उभे असलेले निझाम हे चित्र दरवर्षी १७ सप्टेंबरला शरणागतीचं म्हणून फिरतं, ते बेगमपेट विमानतळावरचं आणि १९४९ च्या फेब्रुवारीतलं आहे. कुठल्या तरी दुसऱ्याच मोर्चाचे शॉट लावून वर "मराठवाड्यातला सत्याग्रह" लिहिलेलं पण मी बघितलंय. मला याचा खरंच त्रास होतो, कारण ज्या गावात माणसं मेली तिथलं चित्र नाही म्हणून दुसऱ्या गावाचं चिकटवणं हा त्या माणसांवर अन्याय आहे. चित्र नसेल तर नाही म्हणून सांगावं, काळ्या पडद्यावर त्या माणसाचा आवाज ऐकवावा, मुलं ऐकतात.

हक्कांचं थोडक्यात. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात फिल्मचा हक्क प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं, सरकारी फिल्मलाही तेवढाच. म्हणजे १९४८ ची सरकारी न्यूजरील भारतात २००९ पासून मोकळी झाली असा सरळ हिशोब, पण प्रत ज्यांच्याकडं आहे ते प्रत काढून द्यायचे पैसे घेऊ शकतात, आणि परदेशी साठ्याचे नियम वेगळे असतात. टीव्हीवर किंवा पैसे घेऊन दाखवायचं असेल तर वकिलाला विचारा.

स्कॅनिंगसाठी मुंबई-पुण्याकडंच जावं लागेल. लॅबला विचारायचं की तुमच्या मशीनला दात्यांचं चाक आहे का, कारण आकसलेल्या फिल्मला बिनदात्यांचं, रोलरवर चालणारं स्कॅनर पाहिजे. भोकांसकट पूर्ण रुंदी स्कॅन करा म्हणावं म्हणजे कडेच्या खुणा पण येतात. रंग भरून, चेहरे गुळगुळीत करून देतो असं कुणी म्हणालं तर आधी कच्चं स्कॅन जसंच्या तसं घ्या, नंतर शाळेसाठी वेगळी प्रत काय हवी ती करा. स्पीड पण विचारा. १६ एमएमच्या एका फुटात ४० फ्रेम असतात, १०० फुटाचं रीळ २४ च्या स्पीडनं पावणेतीन मिनिटं चालतं, पण मुकं घरगुती रीळ बहुतेक १६ च्या स्पीडनं काढलेलं असतं, मग तेच चार मिनिटांच्या वर जातं. चुकीच्या स्पीडमुळं आपले आजोबा-पणजोबा तुरुतुरु पळताना दिसतात, लोक हसतात, ते काही खरं नव्हे. फाईल मोठ्या येतात, ४०० फुटाच्या रिळाचं एकेक फ्रेम सुटं असं २के स्कॅन दोनशे जीबीच्या आसपास भरतं, त्यामुळं पेन ड्राइव्ह घेऊन जाऊ नका. तीन प्रती करा, एक दुसऱ्या गावात ठेवा, आणि स्कॅन झालं म्हणून मूळ फिल्म भंगारात घालू नका. चांदी काढण्यासाठी रिळं वितळवली त्यात आपले कितीतरी मूकपट गेले. घरात जपणं होत नसेल तर पुण्याच्या संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला विचारा, देताना लेखी घ्या आणि स्वतःसाठी प्रत मागून घ्या.

तुम्ही विचारलं नाही तरी एक सांगतो कारण त्याची घाई जास्त आहे. लातूर-धाराशिवकडचे कुणी वाचत असतील तर, ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंप झाला तेव्हा लोक गणपती विसर्जन करून झोपले होते. त्या दिवसांत व्हीएचएस कॅमेरेवाले सगळीकडं होते, लग्नं शूट व्हायची, मिरवणुका व्हायच्या. किल्लारी, सास्तूर ही गावं मूळ जागेवर दगडी घरांसकट कशी होती हे आज कुठं दिसणार असेल तर त्या आधीच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये, नवरीच्या मागं, मंडपाच्या मागं. व्हिडीओ टेप फिल्मपेक्षा लवकर जाते, पावसाळ्यात बुरशी धरते आणि चालवायला चांगले व्हीसीआर उरले नाहीत. जुन्या फोटो स्टुडिओत अशा कॅसेटचे गठ्ठे पडलेत, दुकान बंद झालं की कचऱ्यात जातात. कुणाच्या ओळखीत असा स्टुडिओ असेल तर याच महिन्यात जाऊन या.

तर सर, या वर्षीच्या १७ सप्टेंबरला रीळ दाखवायचं डोक्यातून काढा, त्याऐवजी डब्यांचे फोटो, आजोबांचे कागद आणि गावातल्या म्हाताऱ्या माणसांचं रेकॉर्डिंग मुलांना द्या, वाटलं तर रेकॉर्डिंग मोठ्या मुलांकडूनच करून घ्या. फिल्म कडेनं धरून, हात कोरडे ठेवून, सुरुवातीची हातभरच उलगडा आणि रुंदी, भोकं एका बाजूला की दोन्ही, आवाजाची रेघ आहे का, कडेला काय छापलंय, एवढं कळवा. उजेडासमोर धरून काढलेला एक फोटो पण पाठवा, मग कुठलं रीळ आधी पाठवायचं आणि लॅबला काय सांगायचं ते बसून ठरवू.